चंद्राक्षरांचा नकाशा

वाचकहो, आज रात्री जेवणे आटोपल्यावर घरातील दिवे क्षणभर मालवा आणि खिडकीशी उभे राहा. आकाशात चंद्र असेल, तर त्याच्याकडे पाहून एका प्रश्नाचे उत्तर द्या : आज तिथी कोणती? भिंतीवरच्या दिनदर्शिकेकडे न पाहता उत्तर देता आले, तर पुढची हकीकत आपणांस चटकन उमजेल. न आले, तरी संकोच नको. ज्यांच्या हाती जगातील सर्वांत विलक्षण नकाशा होता, त्या मंडळींनाही अशाच एका प्रश्नाचे उत्तर देता आले नव्हते.

तो नकाशा ज्या जगातला आहे, ते जग शाळेच्या भूगोलात सापडणार नाही. ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राचीन इंग्रजी भाषेचे अध्यापन करणारे प्राध्यापक जे. आर. आर. टॉलकीन यांनी ते कल्पिले. त्यातील पहिली प्रसिद्ध कथा 'द हॉबिट' ह्या नावाने २१ सप्टेंबर १९३७ रोजी लंडनमध्ये प्रकाशित झाली. आरंभी ती त्यांच्या स्वतःच्या मुलांना सांगितलेली गोष्ट होती. आपल्याकडे आजी-आजोबा रात्री अंथरुणावर नातवंडांना गोष्ट सांगतात, तशीच ती थोडी थोडी सांगितली गेली. आज तिच्यातील डोंगर, नद्या आणि अरण्ये जगभरच्या लक्षावधी वाचकांना आपल्या जिल्ह्याइतकी परिचित आहेत. ह्याचे श्रेय कथेला आहेच. पण कथेबरोबर दिलेल्या नकाशांनाही आहे.

वारसा आणि कोडे

कथेचा सांधा थोडक्यात असा. डोंगराच्या पोटात राहणारी, धातुकामात निष्णात अशी खुज्या लोकांची एक जात आहे. त्यांचे समृद्ध राज्य स्मॉग नावाच्या अग्निमुखी अजगराने बळकावलेले आहे. त्यांच्या थ्रोर नावाच्या राजाचा एक नकाशा व एक किल्ली एवढाच वारसा त्याचा नातू थोरिन याच्या वाट्याला येतो. गॅन्डाल्फ नावाचा वृद्ध जादूगार तो त्याच्या स्वाधीन करतो. थोरिन, त्याचे बारा सोबती आणि घराबाहेर पडण्याची मुळीच हौस नसलेला बिल्बो नावाचा एक ठेंगणा, गृहस्थवृत्तीचा जीव, अशी मंडळी तो डोंगर परत मिळवण्यासाठी निघतात.

नकाशा पाहताक्षणी एक गोष्ट ध्यानात येते. त्याच्या माथ्यावर उत्तर दिशा नाही. पूर्व दिशा आहे. खुज्या लोकांचे नकाशे तसेच असावयाचे, असे लेखकाने ठरविले. आपल्याला हे परके वाटावयाचे कारण नाही. आपणही दिशा मोजावयास लागतो ते पूर्वेपासूनच आणि शुभकार्याचा पाट मांडतो तोही पूर्वेकडे तोंड करूनच. नकाशावर डोंगर आहे, त्यातून निघणारी नदी आहे आणि डोंगराच्या एका कुशीकडे बोट दाखविणारा एक हात आहे. तेथे गुप्त दार आहे, एवढे त्यावरून कळते. ते दार उघडावयाचे कसे, हे मात्र कोठेच लिहिलेले दिसत नाही.

वाटेत ही मंडळी एल्रॉन्ड नावाच्या विद्वान यजमानाच्या घरी उतरतात. उन्हाळ्याच्या मध्यावरची रात्र आहे आणि आकाशात चंद्राची रुंद, रुपेरी कोर आहे. एल्रॉन्ड सहज म्हणून नकाशा उचलून चंद्रासमोर धरतो. चांदणे कागदातून आरपार जाते आणि ज्या जागी आजवर काहीच नव्हते, तेथे अक्षरे उजळतात!

ही चंद्राक्षरे. खुज्या लोकांनी ती शोधून काढली. ते चांदीच्या लेखणीने ती लिहीत. मागून चंद्रप्रकाश आल्यावाचून ती दिसत नाहीत. त्यांतही जी अधिक कुशलतेने लिहिलेली असतात, ती दिसण्यासाठी चंद्र ज्या ऋतूत आणि ज्या आकाराचा असताना लिहिली गेली, तोच ऋतू आणि तोच आकार असावा लागतो. कितीतरी वर्षांपूर्वी उन्हाळ्याच्या मध्यावर, अशाच कोरीच्या रात्री, ती लिहिली गेली होती. पाहुणे एक दिवस आधी निघून जाते, तर अक्षरे जन्मभर मुकीच राहिली असती.

एकोणीस वर्षांचा हिशेब

हा निव्वळ कल्पनाविलास झाला, असे कुणी म्हणेल. पण तो कल्पनाविलास किती हिशेबी आहे, हे भारतीय वाचकाला इतरांपेक्षा लवकर कळावे. कारण हा हिशेब आपल्या घराघरांत चालतो.

आपण वाढदिवस दोन प्रकारे मोजतो : तारखेने आणि तिथीने. दोन्ही दिवस एका वर्षी जुळले, तर पुढच्या वर्षी त्यांत सुमारे अकरा दिवसांचे अंतर पडते. कारण बारा चांद्रमासांचे वर्ष ३५४ दिवसांचे आणि सौरवर्ष ३६५ दिवसांचे. हे अंतर वाढत जाऊन सण भलत्या ऋतूत जाऊ नयेत, म्हणून पंचांगकर्ते अधिक मास धरतात. एकोणीस वर्षांत असे सात अधिक मास येतात. एकोणीस वर्षांचे नेहमीचे २२८ महिने आणि हे सात मिळून २३५ चांद्रमास होतात. एकोणीस सौरवर्षांचे दिवस भरतात सुमारे ६९३९.६ आणि २३५ चांद्रमासांचे भरतात सुमारे ६९३९.७. हे दोन आकडे इतके जवळ आहेत की, एकोणिसाव्या वर्षी तारीख आणि तिथी बहुधा एखाद्या दिवसाच्या फरकाने पुन्हा एकमेकींना भेटतात. आपल्या घरातील एकोणीस, अडतीस किंवा सत्तावन्न वर्षे पूर्ण झालेल्या माणसाच्या बाबतीत हे अवश्य पडताळून पाहावे. प्राचीन ग्रीसमध्ये मेटन नावाच्या ज्योतिर्विदाच्या नावाने हे चक्र ओळखले जाते.

म्हणजे थ्रोरच्या नकाशावरील अक्षरांना तोच दिवस आणि तंतोतंत तीच कोर हवी असेल, तर ती एकोणीस वर्षांतून एकदाच बोलतील. मधल्या काळात जवळपासची कोर एखाददुसऱ्या वेळी येईल. पण हुबेहूब तीच यावयास एवढा धीर धरावा लागेल. एका पिढीने लिहावे आणि दुसरीने वाचावे, असा हा मजकूर आहे.

त्या मजकुराचा अर्थही पंचांगाशीच येऊन भिडतो. पक्षी जेव्हा चोच आपटील, तेव्हा करड्या शिळेपाशी उभे राहावे. ड्यूरिनच्या दिवशी मावळत्या सूर्याचा शेवटचा किरण कुलपाच्या छिद्रावर पडेल, असे ती अक्षरे सांगतात. आता ड्यूरिनचा दिवस कोणता? ज्या दिवशी शरद ऋतूतील शेवटचा चंद्र आणि सूर्य एकाच वेळी आकाशात दिसतात, तो खुज्या लोकांचा नववर्षदिन. आपल्या भाषेत बोलावयाचे, तर ही बीजेची कोर झाली : सूर्य अस्ताला टेकलेला आणि त्याच्याच दिशेला क्षितिजावर बारीकशी चंद्ररेखा.

येथे थोरिन एक कबुली देतो आणि ती कथेतील सर्वांत उदास जागांपैकी एक आहे. असा दिवस नेमका केव्हा येतो, हे आगाऊ काढण्याचे ज्ञान आता आमच्यात उरलेले नाही, असे तो सांगतो. पूर्वजांचा नकाशा हाती आहे, किल्ली गळ्यात आहे, अक्षरेही उजळली आहेत; पण गणित विसरले आहे. वारसा मिळाला आणि तो वाचण्याची विद्या मात्र वाटेत कोठे तरी गळून पडली. वाचकहो, ही गोष्ट केवळ खुज्या लोकांचीच आहे काय?

छापखान्यात विझलेला उजेड

पुस्तकासाठी नकाशे टॉलकीन यांनी स्वतः काढले. एक थ्रोरचा आणि दुसरा प्रवासाच्या सगळ्या मुलखाचा. थ्रोरच्या नकाशाविषयी त्यांची एक गोड कल्पना होती. चंद्राक्षरे पानाच्या पाठीमागे छापावीत. सरळ पाहिले असता ती दिसू नयेत. वाचकाने पान दिव्यासमोर धरले की ती कागदातून उमटावीत. कथेत एल्रॉन्डने जे केले, तेच प्रत्येक मुलाला आपल्या अंथरुणावर बसून करता आले असते.

पण पहिली आवृत्ती १५०० प्रतींची होती आणि व्यवहाराचे गणित कल्पनेच्या गणिताहून वेगळे असते. शेवटी दोन्ही नकाशे मुखपृष्ठाच्या व मलपृष्ठाच्या आतील बाजूंवर गेले आणि चंद्राक्षरे नकाशाच्या दर्शनी बाजूवरच पोकळ रेषांनी काढावी लागली. ती आजही तशीच दिसतात. ज्याला जादू ठाऊक नाही, त्यालाही दिसतात. लेखकाला ह्याची चुटपुट लागली असली, तर नवल नाही.

न दिसणारी अक्षरे ही अर्थात केवळ परीकथेतील वस्तू नव्हे. लिंबाच्या रसाने लिहिलेला कागद वाळला की कोरा दिसतो आणि धग लागली की तपकिरी अक्षरे उमटतात. कारण रसातील द्रव्ये कागदाच्या आधी करपतात. कोबाल्ट क्लोराइडच्या पातळ द्रावणाने लिहिले, तर फिकट गुलाबी अक्षरे कागदावर दिसत नाहीत. उष्णतेने पाणी उडाले की ती निळी होतात आणि हवेतील ओल शोषून पुन्हा मावळतात. अमेरिकन लेखक एडगर अॅलन पो यांनी १८४३ साली लिहिलेल्या 'द गोल्ड बग' ह्या कथेत अशाच शाईने लिहिलेला ठेव्याचा पत्ता विस्तवाच्या धगीने प्रकट होतो.

दीपगृहे बांधणाऱ्यांच्या घरात

काल्पनिक नकाशांच्या ह्या घराण्याचा एक ज्येष्ठ पुरुष म्हणजे रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन. त्यांचे घराणे दीपगृहे बांधणाऱ्यांचे. त्यांच्या आजोबांनी स्कॉटलंडच्या किनाऱ्याजवळ, भरतीत बुडणाऱ्या खडकावर बेल रॉकचे दीपगृह उभारले. त्याचा दिवा १८११ साली प्रथम पेटला. वडील थॉमस स्टीव्हन्सन हेही त्याच व्यवसायातले. मुलगा रोगट निघाला आणि लेखणीच्या नादी लागला.

१८८१ च्या उन्हाळ्यात स्कॉटलंडमधील ब्रेमार ह्या गावी पावसाने सारे घर कोंडले गेले होते. स्टीव्हन्सन यांच्या पत्नीचा पहिला मुलगा लॉइड शाळेच्या सुटीत घरी होता. त्याच्याबरोबर रंगांशी खेळता खेळता त्यांनी एका बेटाचा नकाशा रंगविला. खाड्या, टेकड्या, नांगरवाडे यांना नावे देता देता त्या झाडीतून माणसे डोकावू लागली आणि 'ट्रेझर आयलंड' ही कादंबरी जन्मास आली. नकाशा आधी झाला. कथा मागाहून आली.

पुढे पुस्तक निघावयाचे ठरले. हस्तलिखिताबरोबर पाठविलेला मूळ नकाशा वाटेतच गहाळ झाला. आता पुस्तकातील प्रत्येक अंतर आणि दिशा टिपून, सगळ्यांशी जुळेल असा दुसरा नकाशा कंपास घेऊन तयार करावा लागला. हे काम झाले वडिलांच्या कचेरीत, जेथे खऱ्या समुद्रांचे खरे आराखडे काढले जात. वडिलांनीही हौसेने हातभार लावून त्यावर काल्पनिक चाचे फ्लिंट याची सही ठोकली. इतके होऊनही स्टीव्हन्सन यांनी १८९४ सालच्या एका लेखात कबूल केले की, हा दुसरा नकाशा आपल्याला कधीच खरा वाटला नाही.

त्याच लेखात त्यांनी होतकरू लेखकांना मोलाचा सल्ला दिला आहे. कथेतला मुलूख, मग तो खरा असो वा काल्पनिक, आपल्या तळहातासारखा ठाऊक असावा. अंतरे, दिशा, सूर्योदयाची जागा, चंद्राचे वागणे ह्यांत चूक होता कामा नये. एका कादंबरीत चंद्राने आपणांस चांगलेच गोत्यात आणले होते. तेव्हापासून दिनदर्शिका जवळ असल्याखेरीज आपण लिहीत नाही, असेही ते सांगतात. ज्यांच्या घराण्याच्या दिव्यांवर खलाशांचे प्राण अवलंबून होते, त्यांना चुकीच्या चंद्राची लाज वाटावी, हे साहजिकच होते.

पित्याचा चंद्र, पुत्राची लेखणी

टॉलकीन यांनाही चंद्राने असेच छळले. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ह्या त्यांच्या महाकथेतील प्रवासी निरनिराळ्या वाटांनी पांगतात. कोणी एका खोऱ्यात, तर कोणी शेकडो मैलांवरच्या डोंगरात. पण आकाश एकच. नागपूर, बडोदे, इंदूर आणि तंजावर येथे एकाच रात्री एकच कोर दिसते. तसेच त्या जगातही व्हावयास हवे. १९४४ च्या मे महिन्यात टॉलकीन यांच्या ध्यानात आले की, आपला चंद्र एका प्रदेशात उगवत असताना दुसऱ्या प्रदेशात मावळतो आहे. मागील प्रकरणांतील तुकडे दुरुस्त करण्यात त्यांची सबंध दुपार गेली.

ही हकीकत त्यांनी ज्याला पत्राने कळविली, तो त्यांचा धाकटा मुलगा क्रिस्टोफर. त्या वेळी तो एकोणीस वर्षांचा असून दक्षिण आफ्रिकेत ब्रिटिश हवाईदलाचे शिक्षण घेत होता. जग युद्धाच्या वणव्यात सापडले होते. मुलगा परत येईल की नाही, हे कोणाही बापाला सांगता येत नव्हते. आणि हा बाप नवी प्रकरणे टपालाने त्याच्याकडे धाडीत होता व कल्पनेतील चंद्र मार्गावर आणीत होता.

त्याने क्रिस्टोफरलाच हे सांगावे, ह्यालाही कारण होते. हा मुलगा लहानपणापासून गोष्टीचा पहारेकरी. चार-पाच वर्षांचा असताना त्याने वडिलांना मध्येच थांबवून म्हटले होते की, मागच्या वेळी बिल्बोचे दार निळे होते, आज हिरवे कसे झाले? वडील पुटपुटत उठले आणि तात्काळ टिपण करावयास गेले. तोच मुलगा पुढे त्या जगाचा नकाशाकार झाला. १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या पहिल्या खंडातील नकाशा त्यानेच रेखाटला. १९५५ साली शेवटच्या खंडासाठी मोठ्या प्रमाणाचा नवा नकाशा हवा झाला, तेव्हा पित्याने अन्न आणि झोप बाजूला ठेवून अंतरे पुन्हा मोजून दिली आणि पुत्राने सकाळच्या सहापासून दुसऱ्या दिवशीच्या सकाळच्या सहापर्यंत, पाठ न टेकता, तो काढून पुरा केला. पित्याच्या निधनानंतर क्रिस्टोफर यांनी उरलेले आयुष्य त्या हस्तलिखितांच्या संपादनात वेचले. ते २०२० साली वयाच्या ९५ व्या वर्षी निवर्तले.

टॉलकीन यांनी एका पत्रात म्हटले आहे की, आपण शहाणपणाने आधी नकाशा घेतला आणि मग गोष्ट त्यात बसविली. उलट केले, तर गोंधळ माजतो. कल्पनेला हवे तसे उधळू देणे सोपे. पण जे जग आपण रचले, त्याच्याशी इमान राखणे कठीण. वाचक अज्ञात प्रदेशात लेखकाचे बोट धरून चालतो. त्या बोटावर त्याचा विश्वास बसतो तो अशा मुकाट कष्टांमुळे.

खरेखुरे उजळणारे नकाशे

आता कल्पनेतून खाली उतरून पाहू. उजेडाने नकाशा घडविण्याचा प्रकार आपल्या देशातच झाला आहे. १८०२ साली विल्यम लॅम्बटन यांनी मद्रासजवळ पायारेषा मोजून त्रिकोणमितीय सर्वेक्षणास आरंभ केला. हे काम उत्तरेकडे रेटीत असतानाच १८२३ साली आजच्या वर्धा जिल्ह्यातील हिंगणघाट येथे त्यांचा अंत झाला. त्यांचे काम पुढे चालविणाऱ्या जॉर्ज एव्हरेस्ट यांना अडचण येई ती धुक्याची आणि तापलेल्या हवेची. दिवसा दूरचे निशाण दिसत नसे किंवा थरथरत असे. म्हणून रात्री दिवे व निळ्या ज्योती पेटवून त्यांच्यावर दुर्बीण रोखण्याची पद्धत त्यांनी रूढ केली. टेकडीच्या माथ्यावर एकट्याने रात्रभर दिवा सांभाळणारे खलाशी व मजूर ह्यांची नावे नकाशावर नाहीत. तरी आपण वर्गात भिंतीवर पाहिलेला भारताचा नकाशा त्यांच्या दिव्यांनी उजळलेला आहे, हे विसरता कामा नये.

पुढे विसाव्या शतकात नकाशा स्वतःच उजळू लागला. १९४३ च्या जानेवारीअखेर ब्रिटिश बाँबफेकी विमानांत एक नवे रडार प्रथम वापरले गेले. विमानाच्या पोटाखाली फिरणारा आकाशक रेडिओलहरी जमिनीवर टाकी आणि परतलेल्या लहरींनी विमानातील काचेच्या पडद्यावर चित्र उमटे. पाणी लहरींना पलीकडे परतवी, म्हणून नदी आणि समुद्र काळे; जमीन मंद; आणि शहरे सर्वांत लखलखीत. काळोख्या रात्री ढगांवरून जाताना खालचा मुलूख नकाशासारखा दिसणे, ही थ्रोरलाही हेवा वाटावा अशी विद्या. पण तिचा पहिला उपयोग झाला तो हॅम्बर्ग शहरावर बाँब टाकण्यासाठी. जेथे उजेड अधिक, तेथे माणसे अधिक. आणि म्हणून संहारही तेथेच. नकाशा वाट दाखवितो. त्या वाटेने कोणी कशासाठी जावे, हे तो सांगत नाही.

आणि आज? आज उजळणारा नकाशा आपल्या प्रत्येकाच्या खिशात आहे. उपग्रहांच्या संदेशांवरून भ्रमणध्वनी आपली जागा ओळखतो आणि निळा ठिपका आपल्याबरोबर चालतो. आपल्या देशानेही २०१३ ते २०१६ ह्या काळात अशा कामासाठी सात उपग्रहांची मालिका सोडली आणि तिला 'नाविक' असे अन्वर्थक नाव दिले. नवख्या शहरात रात्री रुग्णाला घेऊन रुग्णालय शोधणाऱ्या माणसाला ह्या ठिपक्याचे मोल विचारावे. त्याची थट्टा करण्याचे काहीच कारण नाही.

अक्षरे मावळल्यावर

तरीही थ्रोरच्या नकाशाची गोष्ट अर्धवट सोडून चालणार नाही. कारण तिचे मर्म शेवटी आहे.

मंडळी महिनोन्‌महिने हालअपेष्टा सोशीत डोंगरापाशी पोहोचली. दाराची जागा सापडली. पण तेथे नुसता गुळगुळीत कातळ! ना फट, ना छिद्र. त्यांनी ढकलले, मंत्र म्हटले, पहारी चालविल्या. अखेर थकून ती निराश झाली. त्या वेळी नकाशा जवळच होता. पण चंद्राक्षरे त्यावर नव्हती. ती उन्हाळ्यातील एका रात्रीची पाहुणी. आता शरद ऋतू सरत आला होता.

एके संध्याकाळी बिल्बो उंबऱ्याशी बसला होता. पश्चिमेस बारीक चंद्रकोर दिसत होती. एक पक्षी करड्या शिळेवर गोगलगाय आपटून फोडू लागला. टक्, टक्! आणि ह्या इवल्या गृहस्थाला एकदम सारे आठवले : पक्षी, शिळा, मावळता सूर्य, चंद्र. त्याने धावत जाऊन सर्वांना हाक मारली. सूर्य ढगाआड गेला. खुज्यांनी सुस्कारे टाकले. तो हलला नाही. शेवटच्या क्षणी ढगाच्या फटीतून एक तांबडा किरण आला, कातळाचा कपचा उडाला आणि छिद्र दिसले. थोरिनने किल्ली फिरविली.

दार उघडले ते नकाशाने नव्हे. उजेड असताना जे वाचले, ते उजेड गेल्यावरही ज्याने मनात जपले होते, त्याने ते उघडले. तो ना राजा होता, ना वारसदार. त्याने फक्त लक्ष दिले होते.

खिशातल्या नकाशाचा पडदा जेव्हा काळा पडतो, घाटात संदेश पोहोचत नाही किंवा विद्युत्घट संपतो, तेव्हा आपल्या मुलाच्या मनात काय उरते, हा प्रश्न प्रत्येक आईबापाने स्वतःस विचारावयास हवा. उजवीकडे वळा, डावीकडे वळा, एवढेच ऐकत आलेल्या मुलाला उत्तर कोणती, गावाची नदी कोणीकडून कोणीकडे वाहते, मावळतीची कोर कोणत्या बाजूला दिसते, हे माहीत असेलच असे नाही. ते माहीत असणे हे फार मोठे ज्ञान नव्हे. पण अंधारात तेवढेच पुरते.

म्हणून येत्या सुटीत घरच्या मंडळींनी मिळून एक खेळ करून पाहावा. मुलांना एका कोऱ्या कागदावर आपल्या घरापासून शाळेपर्यंतचा किंवा आजोळच्या गावाचा नकाशा आठवणीने काढावयास सांगावे. हवे तर बेट काल्पनिक असू द्या. अट एकच : पावलांचे माप ठरवावे आणि ते शेवटपर्यंत मोडू नये, सूर्य कोठे उगवतो ते दाखवावे, ज्या रात्रीची गोष्ट असेल, त्या रात्रीचा चंद्र पंचांगातून काढून कोपऱ्यात रेखावा. मग लिंबाच्या रसात काडी बुडवून एखादे गुपित त्यावर लिहावे. कागद वाळला की वडीलधाऱ्यांपैकी कोणी त्यावरून गरम इस्त्री फिरवावी आणि उमटणारी अक्षरे सर्वांनी मिळून वाचावीत. धाकट्याने मध्येच हटकले की, नदी मागच्या वेळी पलीकडे होती, तर त्याला गप्प बसवू नये. उठावे आणि टिपण करावे.

आणि गुपित वाचून झाल्यावर कागद घडी करून दिनदर्शिकेमागे ठेवून द्यावा. त्यावर तारीख आणि तिथी दोन्ही लिहावयास विसरू नये. एकोणीस वर्षांनी तीच तारीख आणि तीच कोर पुन्हा एकमेकींना भेटतील. त्या रात्री घरातील कोणी तरी, आज कदाचित आपल्या मांडीवर बसलेले मूल, तो कागद काढून खिडकीशी धरील.